जेरुसलेमचे मुफ्ती हाजी अमीन अल्-हुसैनी

देवगड, मालवण किंवा वेंगुर्ले येथील बंदरातून गलबत सरळ पश्चिमेस हाकारले, तर दर्यापार पहिली भूमी लागते ती अरबस्तानची. ही वाट कोकणी खलाशाला शतकानुशतके ठाऊक होती. ज्या वाऱ्यांच्या भरवशावर ही ये-जा चाले, त्यांना आपण मोसमी वारे म्हणतो, आणि त्यातला 'मोसम' हा शब्द मूळचा अरबांचाच. किनाऱ्यावरील मुसलमान वस्त्यांत आपला वंश अरब व्यापाऱ्यांपर्यंत नेऊन भिडविणारी घराणी आहेत. हा झाला जुना संबंध. विसाव्या शतकात मात्र कोकणपट्टीतून आणखी तीन वाटा अरबस्तानच्या उत्तरेस असलेल्या पॅलेस्टाईनकडे फुटल्या. पहिली शिपायाची. आजचा सिंधुदुर्ग ज्यातून १९८१ साली वेगळा झाला, त्या रत्नागिरी जिल्ह्यातून मराठा पलटणींत मोठी भरती होत असे, आणि १९१८ साली मराठा शिपाई पॅलेस्टाईनच्या आघाडीवर तुर्कांशी लढत होते. दुसरी वाट खिलाफत चळवळीची. तिचे मध्यवर्ती ठाणे मुंबईस होते आणि कोकणी मुसलमानांची मोठी वस्तीही मुंबईस होती. तिसरी वाट उत्तर कोकणातील बेने इस्राएल समाजाची. मराठी बोलणारे हे यहुदी १९४८ नंतर हजारोंच्या संख्येने इस्राएलात जाऊन राहिले.

ह्या तिन्ही वाटा जेथे जाऊन मिळतात, त्या जेरुसलेम नगरीच्या अर्वाचीन इतिहासात एका माणसाचे नाव पदोपदी आढळते. ते म्हणजे मुफ्ती हाजी अमीन अल्-हुसैनी. अनेक अरबांच्या दृष्टीने हा परकीय सत्तेपुढे मान न तुकविणारा देशभक्त. यहुद्यांच्या दृष्टीने हा त्यांच्या संहारकर्त्याचा सोबती. इंग्रजांना तो प्रथम उपयुक्त वाटला आणि पुढे त्यांनीच त्याच्या अटकेचा हुकूम काढला. एकाच माणसाविषयी इतकी परस्परविरुद्ध मते असली, म्हणजे त्याचे चरित्र दोन प्रश्न वेगळे ठेवून वाचावे लागते. त्याच्या लोकांचे गाऱ्हाणे खरे होते काय, हा एक प्रश्न. आणि त्या गाऱ्हाण्याच्या निवारणार्थ त्याने पत्करलेला मार्ग योग्य होता काय, हा दुसरा. पहिल्याचे उत्तर होकारार्थी आले, म्हणजे दुसऱ्याचेही तसेच आले पाहिजे असा समज सर्वत्र आढळतो. हाजी अमीन यांचे आयुष्य हा त्या समजावरील एक मोठा आणि दुःखद दाखला आहे.

हाजी अमीन यांचा जन्म एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात जेरुसलेम येथे झाला. हुसैनी घराणे तेथील प्रतिष्ठित घराण्यांपैकी एक. वडील ताहिर हे नगरीचे मुफ्ती, आणि त्यांच्या पश्चात सावत्र भाऊ कामिल हेही मुफ्ती. मुफ्ती म्हणजे धर्मशास्त्राच्या आधारे निर्णय, म्हणजेच फतवा, देणारा अधिकारी. अमीन यांनी काहिरा येथील अल्-अझहर विद्यापीठात काही काळ अध्ययन केले. तेथे रशीद रिदा या विख्यात पंडिताच्या विचारांचा त्यांच्यावर परिणाम झाला. १९१३ साली मातेसह मक्केची यात्रा करून आल्यावर त्यांच्या नावामागे 'हाजी' हे उपपद लागले. मात्र धर्मपंडिताची पूर्ण पदवी त्यांनी कधीच मिळविली नाही. पहिल्या महायुद्धात ते तुर्की तोफखान्यात अधिकारी होते. आजारपणाच्या रजेवर घरी आल्यानंतर मात्र तुर्कांविरुद्ध उठलेल्या अरब पक्षाला ते मिळाले व त्याच्या सैन्यासाठी त्यांनी माणसे गोळा केली.

अरबांनी तुर्कांविरुद्ध उठावे, म्हणून इंग्रजांनी त्यांना स्वातंत्र्याची आशा दाखविली होती. त्याच इंग्रजांनी १९१६ साली फ्रेंचांशी गुप्त करार करून त्या मुलखाची वाटणी ठरविली, आणि २ नोव्हेंबर १९१७ रोजी बाल्फोर यांच्या जाहीरनाम्याने पॅलेस्टाईनात यहुद्यांचे राष्ट्रीय निवासस्थान स्थापण्यास साहाय्य करण्याचे वचन दिले. तेथील इतर रहिवाशांच्या नागरी व धार्मिक हक्कांस बाध येऊ नये, असे त्यात म्हटले होते. राजकीय हक्कांचा मात्र उल्लेख नव्हता. त्या वेळी यहुदी हे लोकसंख्येच्या सुमारे दहावा हिस्सा होते. उरलेल्यांस, म्हणजे मुसलमान व ख्रिस्ती अरबांस, कोणी काही विचारले नव्हते. दुसऱ्या बाजूस, यहुद्यांची आशाही पोकळ नव्हती. रशियात व पूर्व युरोपात पिढ्यान्‌पिढ्या कत्तली सोसलेल्या त्या लोकांस जगाच्या पाठीवर निवाऱ्याची एक जागा हवी होती, आणि तिचे स्मरण त्यांनी आपल्या प्रार्थनेत दोन हजार वर्षे जागते ठेवले होते. येणेप्रमाणे दोन खऱ्या गरजा एका लहानशा भूमीवर समोरासमोर उभ्या ठाकल्या.

१९२० च्या एप्रिलात नबी मूसा यात्रेच्या वेळी जेरुसलेमात दंगा झाला. चिथावणीच्या आरोपावरून हाजी अमीन यांना त्यांच्या गैरहजेरीत दहा वर्षांची सजा झाली. ते आधीच निसटून गेले होते. पुढे जे घडले ते चमत्कारिक होते. नवे हाय कमिशनर सर हर्बर्ट सॅम्युएल हे स्वतः यहुदी आणि राष्ट्रीय निवासस्थानाच्या कल्पनेचे पुरस्कर्ते. त्यांनीच अमीन यांना माफी दिली. मार्च १९२१ मध्ये कामिल वारले. तुर्की कायद्याप्रमाणे मतदारांनी तीन नावे निवडावयाची व सरकारने त्यांतून एकाची नेमणूक करावयाची, अशी रीत होती. अमीन चौथे आले. तेव्हा पहिल्या आलेल्या हुसामुद्दीन जारल्ला यांना माघार घ्यावयास लावून अमीन यांचा मार्ग मोकळा करण्यात आला, आणि मे १९२१ मध्ये पंचविशीच्या आसपास वय असलेला हा तरुण जेरुसलेमचा मुफ्ती झाला. एका मातबर घराण्याकडे पद दिले, म्हणजे ते घराणे शांतता राखील, असा सरकारचा हिशेब होता.

पुढल्याच वर्षी ते सर्वोच्च मुस्लिम मंडळाचे अध्यक्ष झाले. ह्या अधिकाराचे वजन मराठी वाचकास एका उदाहरणाने कळेल. कोकणातील एकूण एक देवस्थानाचे इनाम, त्याचे उत्पन्न, पुजाऱ्यांच्या नेमणुका, धर्मशाळा, अनाथांचा निधी, पाठशाळा आणि वारसा-विवाहाचे निवाडे करणारी न्यायासने ही सर्व एका माणसाच्या हाती आली, तर गावोगावी त्याचा शब्द कसा चालेल? वक्फ म्हणजे असेच धर्मादाय इनाम, आणि पॅलेस्टाईनातील वक्फांचा कारभार मुफ्तींच्या हाती आला. त्याचा त्यांनी काही उत्तम उपयोगही केला. जीर्ण झालेली अक्सा मशीद व सोनेरी घुमटाची वास्तू यांचा जीर्णोद्धार त्यांच्याच कारकिर्दीत झाला. त्यासाठी हिंदुस्थानात शिष्टमंडळ आले. देणग्या देणाऱ्यांत हैदराबादचे निजामही होते, आणि त्यांच्या राज्यात तेव्हा आपला मराठवाडा मोडत असे.

मात्र ह्याच काळात राजकारण व धर्मस्थान यांची एक अशी गाठ बसली, जी पुढे सुटली नाही. जमिनीचा वाद असला की तोड निघू शकते. देवळाचा वाद झाला की तोड काढणारा पाखंडी ठरतो. ऑगस्ट १९२९ मध्ये पश्चिम भिंतीपाशी यहुद्यांनी कशा रीतीने प्रार्थना करावी, या तंट्यातून देशभर दंगे उसळले. १३३ यहुदी मारले गेले. अरबांचे ११६ लोक मेले, त्यांतील बहुतेक पोलीस व लष्कराच्या गोळीबारात. हेब्रॉन गावी तर पिढीजाद शेजारी राहणाऱ्या साठांहून अधिक यहुद्यांची घरांत शिरून कत्तल झाली. तेथेच काही अरब कुटुंबांनी यहुदी शेजाऱ्यांस लपवून वाचविले, हेही खरे. सरकारी चौकशी मंडळाच्या बहुमताने मुफ्तींवर थेट चिथावणीचा ठपका ठेवला नाही. एका सभासदाने मात्र भिन्न मत नोंदविले. अक्सा मशीद धोक्यात आहे, ही हाक त्यांनीच सतत दिली होती, हे कोणासही नाकारता आले नाही.

हिंदुस्थानाशी त्यांचा संबंध सर्वांत निकट आला तो १९३१ साली. खिलाफत चळवळीचे पुढारी मौलाना महंमद अली हे गोलमेज परिषदेसाठी गेले असता ४ जानेवारी रोजी लंडन येथे निवर्तले. मुफ्तींच्या निमंत्रणावरून त्यांचा देह जेरुसलेमला नेऊन हरम शरीफच्या आवारालगत दफन करण्यात आला. त्या डिसेंबरात जेरुसलेमात जागतिक इस्लामी परिषद भरली. महंमद अलींचे वडील बंधू मौलाना शौकत अली हे तिच्या आयोजकांपैकी होते, आणि मुंबईच्या खिलाफत कार्यालयाचे ते कर्तेधर्ते. कवी इक्बालही परिषदेस हजर होते. नियोजित इस्लामी विद्यापीठासाठी १९३३ साली मुफ्ती स्वतः निधी गोळा करण्यास हिंदुस्थानात आले. परंतु अपेक्षेइतका पैसा जमला नाही व विद्यापीठ झाले नाही. पॅलेस्टाईनचा प्रश्न अरबांच्या घरगुती कलहातून उचलून सर्व मुसलमान जगाच्या दारी नेण्याचे काम मात्र त्यांनी साधले.

१९३३ साली जर्मनीत हिटलरची सत्ता आली व छळाने हैराण झालेल्या यहुद्यांचा ओघ वाढला. १९३५ या एका सालात साठ हजारांहून अधिक लोक पॅलेस्टाईनात उतरले. अरब शेतकऱ्यास आपल्या पायाखालची जमीन सरकताना दिसू लागली. एप्रिल १९३६ मध्ये मुफ्तींच्या अध्यक्षतेखाली उच्च अरब समिती स्थापन झाली आणि सहा महिने सार्वत्रिक हरताळ चालला. त्यामागून सशस्त्र बंड पेटले. १९३७ च्या जुलैत पील समितीने देशाची फाळणी सुचविली. सप्टेंबरात एक इंग्रज जिल्हा अधिकारी मारला गेला, तेव्हा सरकारने समिती बेकायदा ठरवून मुफ्तींना मंडळाच्या अध्यक्षपदावरून दूर केले. काही काळ ते हरमच्या आवारात आश्रयाला राहिले व ऑक्टोबरात गुप्तपणे लेबनॉनमध्ये निसटले. १९३९ पर्यंत बंड चिरडले गेले. त्यात हजारो अरब मेले, आणि त्यांतील कित्येकांना मुफ्तींच्या पक्षाने मवाळ म्हणून, फितूर म्हणून आपल्याच हाताने मारले. प्रतिपक्षाची तोंडे अशी बंद झाल्यावर समाजात दुसरे मत सांगणारा कोणी उरला नाही.

ह्याच सुमारास, नोव्हेंबर १९३८ मध्ये, महात्मा गांधींनी 'हरिजन' पत्रात ह्या प्रश्नावर लेख लिहिला. पॅलेस्टाईन अरबांचे आहे, हे त्यांनी निःसंदिग्ध शब्दांत मान्य केले. त्याबरोबर अरबांच्या अत्याचारांचे आपण समर्थन करीत नाही, त्यांनी अहिंसेचा मार्ग धरला असता तर बरे झाले असते, असेही सांगितले. आरंभी म्हटलेले दोन प्रश्न येथे स्पष्टपणे वेगळे ठेवलेले दिसतात. गांधींनी यहुद्यांनाही जर्मनीत अहिंसक प्रतिकाराचा जो सल्ला दिला, तो पुष्कळांना अव्यवहार्य वाटला, ही गोष्ट निराळी.

मे १९३९ मध्ये इंग्रजांनी धोरण बदलले. पाच वर्षांत पंचाहत्तर हजारच यहुदी यावेत, त्यापुढील आगमन अरबांच्या संमतीने व्हावे, आणि दहा वर्षांत स्वतंत्र राज्य व्हावे, अशी श्वेतपत्रिका निघाली. अरबांस मिळालेली ही सर्वांत अनुकूल योजना. मुफ्तींच्या सहकाऱ्यांतील अनेकांना ती पत्करावी असे वाटत होते. मुफ्तींनी ती नाकारली.

दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर ते बगदादेस गेले. तेथे एप्रिल १९४१ मध्ये रशीद अली यांनी इंग्रजविरोधी पक्षाच्या साहाय्याने सत्ता घेतली, आणि मुफ्ती त्या उठावाच्या पाठीराख्यांत होते. १८ एप्रिल रोजी हिंदी फौज बसऱ्यास उतरली व मेअखेर उठाव मोडला. मुफ्ती इराणात पळाले. त्यांच्या मागे बगदादेत जूनच्या पहिल्या दोन दिवसांत यहुदी वस्तीवर हल्ले होऊन शंभराहून अधिक माणसे मारली गेली. ज्या समाजातून ससून घराणे मुंबईस आले, तोच हा बगदादी यहुदी समाज.

इराण, तुर्कस्तान, इटली असा प्रवास करून नोव्हेंबर १९४१ मध्ये मुफ्ती बर्लिनला पोचले. २८ नोव्हेंबर रोजी ते हिटलरला भेटले. अरबांच्या स्वातंत्र्याचा जाहीर पुकारा जर्मनीने करावा, ही त्यांची मागणी; ती हिटलरने टाळली. मराठी वाचकास येथे सुभाषबाबूंची आठवण येणे स्वाभाविक आहे. तेही त्याच वर्षी बर्लिनला पोचले होते, त्यांचीही मागणी तीच होती, आणि मे १९४२ मधील भेटीत त्यांच्याही पदरी जाहीर शब्द पडला नाही. शत्रूचा शत्रू तो मित्र, हे दोघांचेही सूत्र. परंतु सारखेपणा येथे संपतो. सुभाषबाबूंचा झगडा इंग्रजी राज्याशी होता आणि १९४३ च्या आरंभी ते पाणबुडीतून पूर्वेकडे निघून गेले. मुफ्ती अखेरपर्यंत जर्मनीत राहिले, आणि यजमानांचा यहुदीद्वेष त्यांनी आपलासा केला. नभोवाणीवरून अरबी भाषेत त्यांची जी भाषणे होत, त्यांत इंग्रजांबरोबर सबंध यहुदी जातीविरुद्ध विष ओतलेले असे. १९४३ साली बोस्नियातील मुसलमानांना जर्मन एस. एस. दलात भरती करण्यास त्यांनी साहाय्य केले. सर्वांत गंभीर गोष्ट म्हणजे, त्याच वर्षी हंगेरी, रुमानिया व बल्गेरिया येथील सरकारांना पत्रे लिहून त्यांनी यहुद्यांना, त्यांत मुलेही आली, पॅलेस्टाईनला जाऊ देऊ नये असा आग्रह धरला. हंगेरीला तर त्यांना पोलंडसारख्या देखरेखीच्या जागी पाठवावे असे सुचविले. पोलंडात तेव्हा काय चालले होते, हे आज साऱ्या जगास माहीत आहे.

येथे अतिशयोक्तीपासूनही दूर राहिले पाहिजे. यहुद्यांच्या संहाराची कल्पना मुफ्तींनीच हिटलरच्या डोक्यात भरविली, असे विधान २०१५ साली इस्राएलच्या पंतप्रधानांनी केले होते. इस्राएली इतिहासकारांसकट जाणत्यांनी ते खोडून काढले. मुफ्तींची भेट होण्यापूर्वीच, १९४१ च्या उन्हाळ्यात, रशियाच्या आघाडीवर सामुदायिक हत्या सुरू झाल्या होत्या. हिटलरला गुरूची गरज नव्हती. तथापि त्या पापात मुफ्तींचा वाटा नव्हता, असेही म्हणता येत नाही.

युद्धानंतर फ्रान्सने त्यांना नजरकैदेत ठेवले. १९४६ साली ते निसटून काहिरास आले. त्यांच्यावर खटला कधीच चालला नाही. संयुक्त राष्ट्रांची समिती १९४७ साली पॅलेस्टाईनात आली, तेव्हा मुफ्तींच्या उच्च समितीने तिच्यावर बहिष्कार टाकला. त्या समितीत हिंदुस्थानचा सभासद होता. त्याने इराण व युगोस्लाव्हिया यांच्या बरोबरीने फाळणीऐवजी संघराज्याची शिफारस केली. २९ नोव्हेंबर रोजी फाळणीचा ठराव तेहेतीस विरुद्ध तेरा मतांनी संमत झाला. तीन महिन्यांपूर्वीच स्वतःची फाळणी भोगलेल्या हिंदुस्थानने त्याविरुद्ध मत दिले. त्यानंतरच्या युद्धात सुमारे सात लाख अरब बेघर झाले. ज्या लोकांसाठी मुफ्तींनी पाव शतक झगडा केला, त्यांची अशी दशा झाली. तिचा सर्व दोष त्यांच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. इंग्रजांची दुटप्पी वचने, यहुदी सैन्याची चढाई व अरब राजांची आपापसांतील स्पर्धा ही कारणे होतीच. परंतु वाटाघाटीचे प्रत्येक दार उघडताच लावून घेणारा हातही त्यांत होता, हे विसरता येत नाही.

गाझा येथे सप्टेंबर १९४८ मध्ये काढलेले त्यांचे सरकार नावापुरतेच राहिले. डिसेंबरात ट्रान्सजॉर्डनचे राजे अब्दुल्ला यांनी जेरुसलेमला नवा मुफ्ती नेमला. तो होता हुसामुद्दीन जारल्ला, सत्तावीस वर्षांपूर्वी माघार घ्यावयास लावलेला तोच उमेदवार. १९५९ साली हाजी अमीन लेबनॉनमध्ये जाऊन राहिले. १९६४ साली पॅलेस्टाईन मुक्ती संघटना निघाली आणि नव्या पिढीने त्यांना मागे टाकले. ४ जुलै १९७४ रोजी बैरूत येथे त्यांचे देहावसान झाले. जेरुसलेमात आपले दफन व्हावे, ही त्यांची इच्छा होती. इस्राएल सरकारने परवानगी नाकारली, आणि त्यांचा देह बैरूतच्याच मातीत ठेवण्यात आला.

पहिल्या महायुद्धातील हिंदी सैनिकांची स्मशानभूमी आजही जेरुसलेमात आहे. मौलाना महंमद अली यांची कबर मुफ्तींनी मिळवून दिलेल्या जागी, हरमच्या आवारालगत आहे. कोकणातून गेलेली बेने इस्राएल कुटुंबे त्या देशात 'मायबोली' नावाचे मराठी नियतकालिकही चालवीत आली. दूरदेशीच्या ह्या सर्वांना त्या भूमीत जागा मिळाली. जी नगरी आपल्या एकट्या लोकांचीच असावी म्हणून हाजी अमीन आयुष्यभर झगडले, त्या त्यांच्या जन्मग्रामी त्यांना मात्र साडेतीन हात जागा मिळाली नाही.